चंद्रसूर्याचा दगड

पडका राजवाडा बघायला आम्ही मोजकीच मंडळी गेलो होतो, त्यात माजी सभापती तात्यासाहेब गुंजाळ. खांब दिसला की हे आपलं नाव कोरायला किल्ली काढणार! गाइड कालिंदीताईंनी अडवलं, तसे ते भडकले.

"मग माझं नाव कायम राहील अशी जागा तूच दाखव!"

ताईंनी त्यांना एका शिलालेखापाशी नेलं. वर चंद्रसूर्य कोरलेले होते.

"चंद्रसूर्य असेपर्यंत आपलं नाव राहावं, म्हणून राजानं हा दगड उभा केला."

"वा! हीच जागा." तात्यासाहेबांनी किल्ली टेकवली. "राजा कोणता?"

"कुणालाच ठाऊक नाही," ताई म्हणाल्या. "नावाची ओळ झिजून गेली. चंद्रसूर्य तेवढे आहेत."

तात्यासाहेबांनी त्या गुळगुळीत ओळीवरून बोट फिरवलं आणि किल्ली खिशात घातली.