कुंभारगल्लीची पहिली खुडणी

जपून पाहुणे, त्या मडक्याला पाय लागेल! तडकलेलं आहे, पण टाकलेलं नाही. भर शहरातली ही कुंभारगल्ली, पण दार तिथं असं मडकं आणि त्यात मेथी. वरच्या मजल्यावाल्यांनी गॅलरीत ठेवलंय. मात्र पहिली खुडणी कुणी आपल्या चुलीवर चढवत नाही. का ते ऐका.

फार पूर्वी शहराला वेढा पडला होता, असं सांगतात. वेशी बंद झाल्या आणि मळ्यातली भाजी बाहेरच राहिली. घरात सोनं असलेल्यालाही कोथिंबिरीची काडी मिळेना. त्यात कासाराची सून मथुरा बाळंत झाली आणि तिला दूध येईना.

समोर तुळसा कुंभारीण राहायची. फटकळ होती म्हणे, माझ्यासारखीच. तिची लेक येसू पहिलटकरीण, बाळंतपणाला माहेरी आलेली. तिच्या लाडवांसाठी तुळसानं गाडगंभर मेथीदाणे राखले होते. त्यातल्याच मूठभर दाण्यांची पेज तिनं मथुरेला पाजली. दूध उतरलं. पण गल्लीत आणखी पोटुश्या बाया होत्या. मग तुळसानं तडकलेली मडकी मातीनं भरली आणि उरलेले दाणे पेरायला घेतले.

येसू संतापली. "आई, पोटची लेक मी की त्या?"

"तूच गं बाई. पण लाडू चार दिवसांत संपतील. पेरलं तर सगळ्यांना पुरेल, बीही धरता येईल."

"आणि नाही उगवलं तर?"

डोळे पुसत तुळसानं पेरलं आणि दारोदार एकेक मडकं ठेवून आली.

मेथी उगवली हो, छान उगवली! पण येसूला कळा सुरू झाल्या आणि त्या धावपळीत तुळसाच्या दारचं मडकं शेळीनं फस्त केलं. लेक बाळंत झाली, घरात ना लाडू ना पाला. तुळसाला लेकीकडे बघवेना.

सकाळी दार उघडलं तर उंबऱ्याशी मथुरा उभी. छातीशी लेकरू, हातात मेथी. मागं अख्खी गल्ली, प्रत्येकीच्या हातात आपापल्या मडक्याची पहिली खुडणी. येसूनं आईच्या गळ्यात हात टाकले आणि पोटभर रडली.

आजही पहिली खुडणी बाळंतिणीच्या घरी जाते. माझी सून लांब विदर्भातली, मेथी बघून नाक मुरडणारी. नात झाली तेव्हा गल्ली आमच्या दारात आली. सून खात होती आणि डोळ्यांना धार. मी म्हटलं, "कडू लागते का गं?"

"नाही हो आई," म्हणाली, "मला वाटलं होतं, इथं माझं कुणी येणार नाही."