चिमाक्का सुईण आणि पिठल्याचा वाद

आपल्या आजोबांच्या आजोबांनीसुद्धा जी नुसती ऐकलेली, तितकी जुनी ही गोष्ट. त्या काळी मनवळ गावची जमीन माणसाच्या मनाप्रमाणे हलायची, असं म्हणतात. वाट लांब आहे असं कुणी मनात आणलं की वाट खरंच लांबायची. माहेरी निघालेल्या बायकांना सगळा उतार लागायचा आणि परत येताना त्याच वाटेला उभा चढ. एकदा पाटील भाकरीची वाट बघत ओट्यावर बसले होते, तर समोरची टेकडी गोल आणि चपटी होत गेली, नि ते जेवून उठेपर्यंत तशीच राहिली. गावाला सवय होती. "आज डोंगर कुठं आहे?" असं विचारूनच लोक घराबाहेर पडत.

पण जमीन सगळ्यात जास्त ऐकायची ती भीतीचं. भ्यालेल्या माणसापुढं ती नुसती उंच उंच होत जायची.

या गावात चिमाक्का नावाची सुईण होती. अंगानं आडवी, एका गुडघ्यानं अधू, आणि बोलायला लागली की समोरच्यानं हातातलं काम आटपून घ्यावं अशी. पंचक्रोशीतली निम्मी माणसं तिच्याच हातावर जन्मलेली.

डोंगरापलीकडं कडेच्या वाडीत लुमाजी कुंभार राहायचा. त्याची बायको साळू पहिल्या खेपेला अडली, तेव्हा तो चिमाक्काला न्यायला आला होता. पण त्याच्या काळजीनं मधला डोंगर असा वाढला, की दोघं वाडीत पोचली ती दुसऱ्या दिवशी. मूल गेलं होतं. लोक डोंगराला बोल लावत. डोंगर कुणी वाढवला, हे लुमाजीला माहीत होतं. त्यानंतर दोन वर्षं तो त्या बाजूला मान वर करून बघत नसे.

दोन वर्षांनी एका सकाळी तो पुन्हा चिमाक्काच्या दारात उभा राहिला.

"आक्का, चला. कळा सुरू झाल्यात."

चिमाक्कानं गाठोडं उचललं. दोघं वेशीबाहेर आली तोवर डोंगर गुडघाभर होता. लुमाजीनं त्याच्याकडं एकदा बघितलं आणि तो ताडाएवढा झाला.

"काळजी करू नकोस," आक्का म्हणाली. डोंगर दोन ताड झाला.

"देवाचं नाव घे." त्यानं घेतलं, पण रडत रडत. शेंड्यावर ढग जमले.

चिमाक्का दगडावर टेकली आणि गुडघा चोळत राहिली. मग तिनं विचारलं, "लुमाजी, तुमच्याकडं पिठलं कसं करतात रे?"

"पिठलं? आता?"

"विचारलं ते सांग."

"कसं म्हणजे? फोडणीच्या पाण्याला उकळी आणायची, वरून कोरडं पीठ चिमटीनं वैरायचं आणि हाटायचं."

"म्हणून तुमच्या वाडीच्या पिठल्यात गुठळ्या असतात. पीठ आधी गार पाण्यात कालवून घ्यावं लागतं."

लुमाजी रडायचा थांबला. "आक्का, तुमचा मान आहे, पण माझ्या आईच्या पिठल्यात गुठळी? कालवलेलं पिठलं म्हणजे खळ. कागद चिकटवा त्यानं."

"तुझ्या आईनं केलेलं मी खाल्लंय. चावून खाल्लंय."

लुमाजीचे कान लाल झाले. तो हातवारे करत, हाटण्याची रीत समजावत तरातरा चालू लागला, आणि आक्का मागून एकेक गुठळी मोजत गेली. डोंगर कधी बसला ते त्याला कळलंच नाही. पायाखाली सपाट माळ होता, असं म्हणतात.

वाडीत मात्र वेगळंच होऊन बसलं होतं. सगळी वाडी अंगणाभोवती गोळा झाली होती आणि सगळ्यांच्या मनात मागल्या खेपेचंच होतं. इतक्या जणांच्या भीतीनं घराभोवती खोल दरी पडली होती. आत साळू एकटी कण्हत होती.

चिमाक्का काठावर उभी राहिली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "हा लुमाजी सांगतो, तुम्ही सगळे पीठ वैरता. मी म्हणते, वैरतात कारण कालवायचा कंटाळा."

तशी एक म्हातारी म्हणाली, "कंटाळा कुणाला गं?" तिच्या सुनेच्या तोंडून निसटलं, "मी तर कालवते." सासूनं वळून बघितलं. त्यानंतर जो गलका उठला, त्यात दरी तळापासून भरत आली, आणि आक्का लंगडत वरून चालत आत गेली.

आत साळूनं तिचा हात धरला. मूल आडवं होतं. चिमाक्कानं चाचपून पाहिलं आणि पहिल्यांदाच तिची जीभ थांबली. तिच्या पायाखालची जमीन कलायला लागली. बाज दाराकडं सरकू लागली.

साळूला ते कळलं. तिनं ओठ चावत विचारलं, "आक्का, खरं सांगा. घरी तुम्ही स्वतः कसं करता? कालवता, का वैरता?"

चिमाक्कानं वाकून साळूच्या कानात काहीतरी सांगितलं. तसल्या कळांतही साळू हसली. जमीन सपाट झाली, आक्कानं हातानं मूल हळूहळू सरळ वळवलं, आणि ऊन कलायच्या आत मुलगी झाली. रडायला लागली ती बाहेरच्या गलक्याला मागं टाकील अशी. लुमाजी वाद अर्धाच टाकून दाराकडं धावला.

चिमाक्का पुढं फार वर्षं जगली. ती गेली त्या दिवशी मधला डोंगर आपण होऊन आडवा झाला आणि पुन्हा कधी उठला नाही, असं म्हणतात. त्या माळाला आजही आक्काची सपाटी म्हणतात.

आणि मनवळात आजही कुणाच्या घरी बाळंतपण आलं, की शेजारीपाजारी अंगणात बसून पिठल्यावरून भांडतात. जो गप्प बसेल त्याला पाणी आणायला धाडतात. मधे एका शिकलेल्या जावयानं दोन्ही तऱ्हेची पिठली शिजवून, सगळ्यांना चाखायला देऊन वाद कायमचा मिटवायचं ठरवलं होतं. गावानं दोन्ही पातेली चाटूनपुसून खाल्ली आणि आपल्याला चव कळत नाही असं त्याला एकमुखानं सांगितलं.

आक्कानं कानात काय सांगितलं, ते साळूला सगळ्यांनी विचारून बघितलं. लुमाजीनं तर जन्मभर विचारलं. ती नुसती हसायची आणि त्याच्या ताटात पिठलं वाढायची.