कोरा चेहरा

“आणि आईनं चेहरा हलवलाच नाही, तर?”

नानाबुवांनी विचारलं. समोर डॉक्टर मृणाल केंकरे बसल्या होत्या. तान्ही मुलं कशी वाढतात, याचा त्या अभ्यास करत. गावातली बाळं पाहायला आल्या होत्या आणि आठवडाभर बुवांच्या मठात उतरल्या होत्या.

“तेच तर आम्ही करून पाहतो,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “आई आधी बाळाशी खेळते. मग दोन मिनिटं नुसती बघत राहते. हसायचं नाही, बोलायचं नाही. चेहरा कोरा.”

“मग?”

“बाळ आधी हसून बघतं. मग हात पुढं करतं, ओरडतं. काहीच चाललं नाही की तोंड फिरवतं. चार महिन्यांचंसुद्धा. खरं तर आयांनाच ती दोन मिनिटं सोसत नाहीत.”

“मला जमेल,” खांबाशी बसलेला विश्वंभर म्हणाला.

विश्वंभर बुवांचा थोरला शिष्य. बारा वर्षं मठात होता. कुणी पाया पडो, कुणी शिव्या देवो, त्याच्या चेहऱ्यावरची रेघ हलत नसे. हीच आपली साधना, असं तो मानी. बुवांच्या मागं गादी आपल्याकडेच येणार, याबद्दल त्याला शंका नव्हती.

मठात स्वयंपाक करणारी यमुना हसली. तिच्या मांडीवर नऊ महिन्यांची मंदी होती.

“बसा की म्हाराज. कुणी बघत नसलं की हिच्याशी टकटक जीभ वाजवता, ते ठाऊक हाय मला.”

विश्वंभर पुढं सरकून मांडी घालून बसला. यमुनेनं मंदीला त्याच्या समोर बसवलं. डॉक्टरीणबाईंनी घड्याळ लावलं.

मंदी त्याला बघून हसली.

त्याचा चेहरा तसाच.

ती पुन्हा हसली, जरा मोठ्यानं. मग टाळ्या वाजवल्या. अंगणातल्या कावळ्याकडे बोट केलं आणि तो बघतो का, ते पाहिलं. मग दोन्ही हात पुढं केले…

मग किंचाळली.

मग मान खाली घालून स्वतःची मूठ चोखू लागली.

“पुरे,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “झाली दोन मिनिटं.”

विश्वंभर आणखी चार श्वास तसाच बसून राहिला. मंदीच्या तोंडून हुंदका फुटला तशी यमुनेनं तिला उचललं.

“जिंकलास?” बुवांनी विचारलं.

“हो.”

“मग आता तिला हसव.”

विश्वंभर हसला. मंदीनं आईच्या खांद्यात तोंड लपवलं. त्यानं जीभ वाजवली. तिनं एका डोळ्यानं पाहिलं आणि परत तोंड लपवलं. तो या खांद्यावरून त्या खांद्याकडे गेला. तिनंही मान वळवली.

“लगेच नाही येत सगळी बाळं,” डॉक्टरीणबाई म्हणाल्या. “खात्री करून घेतात. घाबरू नका. रोजच्या धबडग्यात आयासुद्धा कितीदा चुकतात. त्यानं मूल बिघडत नाही. चुकल्यावर परत यावं लागतं, एवढंच.”

त्या बाळं पाहायला गावात निघून गेल्या. यमुनेनं मंदीला कडेवर घेऊनच चूल पेटवली, डाळ शिजत टाकली. विश्वंभर तिच्या मागं मागं होता. डाळ शिजत आली तेव्हा कुठं मंदीनं हात लांब केला आणि त्याची दाढी धरून ओढली.

तो मोठ्यानं हसला. मग तसाच चुलीपाशी खाली बसला. डोळ्यांतलं पाणी त्यानं पुसलंही नाही.

दुपारी तो बुवांपाशी आला.

“गेल्या वर्षी आई आली होती. वडील गेल्याचं सांगायला.”

बुवा ऐकत होते.

“समोर बसून रडली. माझा हात धरला. मी असाच बसून होतो… मग उठून गेली. पाणीसुद्धा प्यायली नाही.”

“हं.”

“मला वाटलं, साधना पुरी झाली.”

ओसरीवरची उन्हाची तिरीप पायरीपर्यंत सरकली होती.

“आता गेलो, आणि तिनं तोंड फिरवलं तर?”

“एसटी साडेचारला आहे,” बुवा म्हणाले. “फाट्यावर वेळेत पोच.”