सात लाल हाका

चूक शिदूकाकाची होती. हे आधीच सांगून टाकलेलं बरं, नाहीतर शेवटी कोणीतरी म्हणणारच, "जाऊ दे, वयानं मोठे आहेत." वयानं मोठा होता म्हणूनच तर त्याला एवढी मोठी चूक करता आली. लहान पोरानं एक रोप उपटलं असतं तर पाठीत धपाटा बसला असता. शिदूकाकानं अख्खी बाग उपटली, आणि लोकांनी त्याचंच खरं मानलं.

बाग होती आईसाहेबांची, म्हणजे राजाच्या म्हाताऱ्या आईची. ती फुलवली होती सगूच्या बाबांनी. सगू नऊ वर्षांची. बागेच्या विहिरीमागच्या खोपटात ती आणि तिची आई राहायच्या. बाबा मागच्या थंडीत तापानं गेले. तेव्हापासून खोपटात एक चूल, एक घोंगडी आणि दोघींत एक भाकरी. आई दिवसभर झाडांना पाणी घालायची, सगू तिच्या मागे छोटा तांब्या घेऊन फिरायची. पोटात भूक असायचीच, पण रात्री डोळे मिटले की सगूला भाकरी दिसायची नाही. बाबांची बाग दिसायची.

काय बाग होती ती! मऊमऊ हिरवळ, तीवर दवाचे इवले इवले मणी. तगरीच्या पांढऱ्याशुभ्र चांदण्या, मोगऱ्याचे टपोरे मोती, कुंदाच्या नखाएवढ्या कळ्या. आणि एवढ्या हिरव्या-पांढऱ्यात लाल झाडं किती? फक्त सात. फाटकातून आत आलं की वळणावर एक जास्वंद झुलायची. तिच्यापाशी पोचलं की तळ्याकाठची कर्दळ दिसायची. कर्दळीपाशी गेलं की लांबून लाल कण्हेर डोकवायची. असं एकीकडून दुसरीकडे जात जात माणूस थेट बकुळीखालच्या बाकावर पोचायचा, आणि आपण एवढं चाललो कधी हे त्याला कळायचंसुद्धा नाही.

"बाबा, अजून लाल लावा ना. ढीगभर!" सगू एकदा म्हणाली होती.

बाबा हसले. "लाल फूल म्हणजे हाक असते, सगू. एकानं हाक मारली की आपण जातो. सगळ्यांनी एकदम मारली तर?"

"तर कानात बोटं घालून घरी पळायचं!"

"शहाणी माझी ती."

आईसाहेबांच्या डोळ्यांना ऊन सोसायचं नाही. त्या दिवेलागणीलाच बागेत यायच्या, काठी टेकत टेकत. म्हणून बाबांनी प्रत्येक लाल झाडामागे पांढरी तगर लावली होती. "संध्याकाळी लाल झोपी जातं, पांढरं जागं राहतं," ते म्हणायचे. "झोपलेल्याच्या पाठीशी कोणीतरी जागं हवं."

बाबा गेले आणि त्यांचा थोरला भाऊ शिदूकाका बागेचा मुख्य माळी झाला. एका संध्याकाळी त्यानं आईसाहेबांना बोलताना ऐकलं, "लाल फूल दिसलं की माझे पाय आपोआप पुढे पडतात." झालं! सात फुलांनी एवढं, तर सात हजारांनी किती, असा हिशोब त्यानं मनात मांडला. तगर उपटली. मोगरा उपटला. कुंद, जाई, हिरवळ, सगळं उपटून कुंपणाबाहेरच्या उकिरड्यावर टाकलं आणि इथून तिथून लाल लावलं. तुऱ्यासारख्या फुलांचे लाल कोंबडे, लाल कर्दळ, लाल गुलाब, लाल कण्हेर.

सगूची आई म्हणाली, "भावजी, आईसाहेब संध्याकाळी येतात. हे तेव्हा दिसायचं नाही."

"तू पाणी घाल," शिदूकाका म्हणाला. "अक्कल घालू नकोस."

आईसाहेब आल्या. सूर्य मावळला होता. फाटकात त्या थबकल्या. समोर सगळं काळं. काळी पानं, काळी फुलं, काळी वाट. पुढे पाऊल टाकायला एक जागा सापडेना.

"माझी बाग कुठं गेली रे?" त्या एवढंच म्हणाल्या आणि परत फिरल्या.

आता शिदूकाकानं काय करायला हवं होतं? "चुकलं" म्हणायला हवं होतं. पण मोठ्या माणसांच्या तोंडात तो शब्द अडकतो. तो हात जोडून म्हणाला, "या पाणी घालणारीनं भर उन्हात शिंपून फुलं जाळली, सरकार. सकाळी लालभडक होती." आणि आईसाहेबांबरोबरच्या लोकांनी मान डोलावली. सकाळी तीच फुलं पुन्हा लाल होती, हे बघायची तसदी एकानंही घेतली नाही.

"आठ दिवस देतो," शिदूकाका सगूच्या आईला म्हणाला. "आठव्या संध्याकाळी फुलं लाल दिसली नाहीत, तर खोपटं रिकामं करायचं. बाग सोडून जायचं."

आईनं घोंगडी झटकली आणि घडी घालून ठेवली.

सगू रोज उकिरड्यावर जायची. सुकलेल्या ढिगाऱ्यात तिला एक तगरीचं रोपटं सापडलं होतं, मुळाशी एवढीशी ओल धरून जीव राखलेलं. तिनं ते कुंपणाशी लावलं. स्वतःच्या वाटणीचं पाणी ती अर्धं प्यायची, अर्धं त्याला घालायची. "तू तरी राहा गं," ती त्याला म्हणायची. "आम्ही बहुतेक जाणार."

आठव्या संध्याकाळी त्या रोपट्याला कळी आली. सगू वाकून बघते तो काय, कळी टच्कन उमलली आणि आत चिमुकली परी बसलेली! बोटाच्या पेराएवढी. चंदेरी झगा, दवाचं टोपडं, आणि पंखांत हिरवी-निळी-जांभळी झिलमिल.

"किती दिवसांनी नीट पाय पसरले!" परी आळस देत म्हणाली. "तगर उपटली तेव्हा माझं घरच गेलं होतं. तू परत दिलंस. ऐक, सोनुले. या तगरीपाशी आज दोन इच्छा पुऱ्या होतील. पण नियम आहेत हं. पहिली चांदणी उगवायच्या आत मागायचं. तीनदा म्हणायचं, म्हणजे विचार करायला वेळ मिळतो. आणि जो मागेल, मोल त्याच्याकडूनच जाईल."

"फुलं आईसाहेबांना संध्याकाळी लाल दिसू देत," सगू पटकन म्हणाली. "मग आईला कोणी घालवणार नाही."

परीचा चेहरा गंभीर झाला. "लाल मी बनवत नाही, बाळा. लाल मी हलवते. अंधारातही दिसेल असा लाल फक्त माणसाच्या डोळ्यांत असतो. तुझ्या डोळ्यांतला घेतला, तर तुला पुन्हा लाल दिसणार नाही. जास्वंद नाही, कुंकू नाही, काही नाही."

वळणावरची जास्वंद सगूला आठवली, आणि तिच्याखाली उकिडवे बसलेले बाबा. त्या आठवणीतलाही लाल जाईल का, हे विचारायचं धाडस तिला झालं नाही.

"फुलं लाल दिसू देत," ती दुसऱ्यांदा म्हणाली.

तेवढ्यात कुंपणामागून शिदूकाका धडपडत पुढे आला. खोपटं रिकामं झालं का हे बघायला तो आला होता आणि पंखांची झिलमिल पाहून थांबला होता. मोलाचं बोलणं त्यानंही ऐकलं होतं, पण ते आपल्यासाठी असेल हे त्याच्या मनातही आलं नाही.

"बाजूला हो, पोरी! मुख्य माळी मी आहे. मी मागणार!"

"काका, नका! तुमच्या डोळ्यांतला—"

"मोठ्यांना शिकवू नकोस." आणि त्यानं एका दमात तीनदा म्हटलं, "अख्खी बाग लाल दिसू दे! लाल दिसू दे! लाल दिसू दे!"

"विचार केलात?" परीनं हळूच विचारलं.

"केला, केला. आणि ते मोलबिल पोरीकडून घे. ती देतेच आहे."

"नियम माझा आहे, काका. तुमचा नाही," परी म्हणाली आणि तिनं पंख झटकले.

भपकन बाग पेटल्यासारखी झाली! कोंबडे लाल, कण्हेर लाल, पाना-पानावर लालीचा झगमगाट. शिदूकाका मात्र डोळे चोळत उभा. "कुठाय? झालं का? मला तर सगळं राखाडी दिसतंय!"

आईसाहेब तेवढ्यात फाटकात आल्या होत्या. त्यांनी दोन्ही हातांनी डोळे झाकले. "अगं बाई, आग लागली की काय! कुठं बघू? कुठं जाऊ? सगळंच अंगावर येतंय गं!" आणि त्या फाटकाला पाठ टेकून रडायला लागल्या.

सगूनं आभाळाकडे पाहिलं. चांदणी अजून उगवली नव्हती.

"परी, आधी काकांचा लाल परत देतेस?"

"हललेला लाल मागे फिरत नाही, राणी. त्याच्यासाठी इच्छा वाया जाईल."

शिदूकाकाकडे बघून सगूला वाईट वाटलं. मग तिनं डोळे मिटले आणि अगदी हळू तीनदा म्हटलं, "यातले सातच ठेव. बाकी सगळं हिरवं आणि पांढरं. बाबांचं होतं तसं."

"यात नवा लाल लागतच नाही," परी हसली. "मग मोल कशाचं घेऊ?"

लाल लाटेसारखा ओसरला. खालून मऊमऊ हिरवळ वर आली. मोगऱ्याचे मोती सांडले, तगरीच्या चांदण्या फुलल्या. वळणावर एकच जास्वंद उरली, मागे पांढऱ्या फुलांचा उजेड घेऊन.

आईसाहेबांनी डोळ्यांवरचे हात काढले. त्यांनी जास्वंद पाहिली आणि एक पाऊल टाकलं. मग दुसरं. मग कर्दळ, मग कण्हेर. त्या बकुळीखालच्या बाकावर जाऊन बसल्या तेव्हा सगूची आई तिथं पाण्याची घागर घेऊन उभी होती.

"इथं तुझा नवरा मला रोज विचारायचा, 'आज किती फुलं दिसली, आईसाहेब?'" त्या म्हणाल्या. "फुलं कोणी जाळली नव्हती ना गं?"

"नाही, आईसाहेब."

"मग मला आधी का नाही सांगितलंस?"

"मला कोणी विचारलं नाही."

आईसाहेबांनी बाकावर सरकून जागा केली. मग म्हणाल्या, "बस इथं माझ्यापाशी. उद्यापासून ही बाग तू बघायची. आणि सगू तुझ्या हाताखाली शिकेल. पोटभर जेवून."

परी सगूच्या तळहातावर आली. तिनं इवल्याशा ओठांनी सगूच्या बोटाची पापी घेतली, आणि मोगऱ्याच्या वासाचा, चांदीच्या चुऱ्याचा एक उजेड गरगरत वर गेला. बघता बघता तो आभाळात मिसळून गेला.

सगूच्या आईनं शिदूकाकाला हाकललं नाही. तो त्याच बागेत आणखी अकरा वर्षं पाणी घालत राहिला. त्याला पुन्हा कधी लाल रंग दिसला नाही.