निरोपाचा विडा

देवरगीच्या नवाबाकडे मराठ्यांचे वकील असलेले सुभानजी तापाने वारले. अस्थी न्यायला धाकटा भाऊ मानाजी आला, तर नवाबाने कलशच अडवला.

"आमच्या हातून निरोपाचा विडा घेतल्याशिवाय कोणताही वकील हे शहर सोडत नाही. तुझ्या भावाने तो घेतला नाही. तो इथेच राहील!"

दरबार हसला. दाराशी उभ्या असलेल्या सगुणावहिनींनी पदर तोंडाला लावला. नवऱ्याच्या अस्थी गावच्या नदीत सोडायच्या, एवढंच त्यांचं मागणं होतं. मानाजीला अक्षरओळख नव्हती, राग मात्र चटकन येई. आज तो गिळून त्याने मुजरा केला.

"म्हणजे दादा अजून वकीलच आहे, हुजूर?"

"बेशक!"

"मग उद्यापासून रोज त्याला दरबारात आणून त्याच्या जागी बसवतो. फक्त तो हुजुरांना मुजरा करायचा नाही. सगळ्यांदेखत ताठ बसून राहील. आणि हुजूर त्याला सजा तरी काय देणार?"

आता कोणी हसलं नाही. नवाबाने तबक मागवलं आणि स्वतःच्या हाताने विडा कलशावर ठेवला.

मानाजीने कलश उराशी धरला.

"चल दादा," तो म्हणाला, "रजा मिळाली."