अर्धं ताट

मथुराबाईंच्या मुलीच्या लग्नाची बैठक बसली होती. जेवणाचा खर्च मुलीकडचा, एवढं ठरलं. तेव्हा मुलाचे वडील तात्यासाहेब जगदाळे यांनी पोह्यांची अर्धी बशी बाजूला सारली.

"आमची सहाशे माणसं येतील," ते म्हणाले. "जिलबी आणि श्रीखंड, दोन्ही हवं. ताटं गच्च भरा. आमच्याकडची माणसं अर्धं ताट टाकून उठतात. ऐपत आहे आमची."

मथुराबाईंनी गावभरची झंपरं शिवून या लग्नापुरते पैसे साठवले होते. "हो म्हण, कर्ज काढू," भाऊ कानाशी कुजबुजला. त्यांनी पदर खोचला.

"तात्यासाहेब, सहाशे माणसं अर्धंच जेवणार, म्हणजे पोटात तीनशेंचंच जाणार. तेवढा स्वयंपाक मी करते, जिलबी-श्रीखंडासकट. टाकायचा तेवढा तुम्ही करून आणा. जेवू घालायची ऐपत माझी आहे. टाकायची तुमची, ती मी कशी दाखवू?"

नवरदेवाने मान खाली घालून हसू दाबलं.

तात्यासाहेबांनी बशी हळूच परत ओढली आणि पोह्यांचा शेवटचा कण संपेपर्यंत मान वर केली नाही.