हळदीकुंकवाच्या कामगारणी

वत्सलाताई नेसरीकरांच्या मसाल्याच्या कारखान्यात कामाला बायका होत्या सहा, पण प्रॉव्हिडंट फंडाच्या दिवेकर साहेबांनी त्या सव्वीस ठरवल्या. सगळ्यांचा फंड भरा, नाहीतर कांडपयंत्र जप्त! यंत्र गेलं की त्या सहाजणींचीही चूल थंड. म्हणून ताई धावत सुनावणीला आल्या, तर साहेबांनी निकाल आधीच टाइप करून ठेवलेला.

"साहेब, माझं जरा ऐकून तरी—"

"काय ऐकायचं, बाई? सगळे मालक एकच रडगाणं गातात. हा बघा इन्स्पेक्टरने काढलेला फोटो. भर दुपारी कारखान्यात सव्वीस बायका! यातली एकूण एक तुमची कामगार. विषय संपला." साहेबांनी सहीसाठी पेन उघडलं.

आता तो दिवस होता संक्रांतीच्या हळदीकुंकवाचा आणि पेठेतल्या बायका वाण घ्यायला कारखान्यात जमल्या होत्या. ताई हेच सांगायला आल्या होत्या, पण ऐकतो कोण? त्यांनी फोटोवर नजर टाकली आणि गोड हसल्या.

"बरं, तुम्ही म्हणता तर सगळ्या माझ्या कामगार. मग ही मोरपिशी पैठणीवाली, तिळाचा लाडू खाणारी, हिला उद्या आठ वाजता मिरच्यांचे देठ खुडायला पाठवून द्या."

"मी? मी का पाठवू?"

"तुमच्याच घरी असतात ना त्या. वहिनी आहेत, साहेब."

दिवेकरांनी चष्मा लावला, फोटो नाकाशी नेला आणि पेनाला टोपण लावलं.

"बसा ना, ताई. मघाशी काय म्हणत होतात?"

"सांगते की सावकाश. पण वहिनींना मिरच्या खुडायला लावलंत, हे घरी तुम्ही सांगणार की मी?"